माळ्यावरचे अकरा खोके आणि एक अपुरी कादंबरी

प्रश्न ठाण्याच्या नौपाड्यातल्या एका ताईंचा आहे. वडील नावाजलेले कथाकार. जाऊन सहा वर्षं झाली. आई आहे, अठ्ठ्याऐंशी वर्षांची. इमारत पुनर्विकासाला चालली आहे आणि अडीच महिन्यांत जागा मोकळी करून द्यायची आहे. माळ्यावर वडिलांच्या कागदांचे अकरा खोके आहेत: कथांचे कच्चे खर्डे, पत्रं, चौदा डायऱ्या, काही कॅसेट, काही फ्लॉप्या आणि एका कादंबरीची ११२ पानं. कादंबरी वाक्याच्या मध्येच थांबते. पुढच्या वर्षी वडिलांची जन्मशताब्दी. धाकटे बंधू म्हणतात, "कादंबरी मी पुरी करतो, शताब्दीला प्रकाशन करू." ताई विचारतात, सुरुवात कुठून करू, काय छापू, काय नको, आणि भावाला काय सांगू?

ताई, तुमच्या पत्रात 'शताब्दी' हा शब्द पाच वेळा आलाय आणि 'अडीच महिने' एकदाच. मला काळजी वाटते ती अडीच महिन्यांची. शताब्दी हुकली तर एक कार्यक्रम हुकेल. सामान हलवताना एक खोका रद्दीच्या टेम्पोत गेला तर तो कुठल्याही शताब्दीला परत येणार नाही. जपणं आणि छापणं ही दोन वेगळी कामं आहेत. पहिल्याची घाई करा, दुसऱ्याची अजिबात करू नका. आपल्याकडे बहुतेक घरांत नेमकं उलटं चालतं. पुस्तक धडाक्यात निघतं, शाली-श्रीफळं होतात, आणि मूळ कागद जिन्याखालच्या कपाटात ओल धरून पडलेले असतात.

मी पंचवीस-सव्वीस वर्षं हेच करतो. गेलेल्या लेखकांची बाडं लावायची, संहिता ठरवायची, प्रेसला द्यायची प्रत तयार करायची. राहतो नेरूळला, पण निम्मं आयुष्य ट्रान्सहार्बरच्या लोकलमध्ये मांडीवर फाइल घेऊन गेलंय. नौपाडा, चरई, पाचपाखाडी इथल्या जुन्या घरांचे बरेच माळे उपसलेत. वाळवीनं खाल्लेले कागद पाहिलेत, भिजून वीट झालेले पाहिलेत. पण त्याहून जास्त कागद घर रिकामं करायच्या शेवटच्या आठवड्यात गेलेले पाहिलेत. त्या आठवड्यात घरातलं प्रत्येक माणूस दमलेलं असतं, रद्दीवाला जिन्यात उभा असतो, आणि कुणीतरी म्हणतं, "यात काय, जुनी बिलंच तर आहेत."

तर पहिलं सांगणं: काही लावायला जाऊ नका. हे चमत्कारिक वाटेल, पण माझ्या हातून झालेली सगळ्यात मोठी चूक हीच. सुरुवातीच्या दिवसांत एका कवींच्या घरी गेलो. सात-आठ गठ्ठे होते. मी उत्साहानं सगळे सोडले आणि दोन दिवसांत कविता एकीकडे, लेख एकीकडे, पत्रं एकीकडे, किरकोळ एकीकडे अशा नीट फायली करून दिल्या. घरचे खूश, मीही खूश. तीन महिन्यांनी कवितांच्या तारखा ठरवायला बसलो तेव्हा लक्षात आलं की ते गठ्ठे कवींनीच लावलेले होते. कवितेच्या खर्ड्याला ज्या पत्रावरून ती सुचली ते पत्र जोडलेलं, त्याच्या मागे त्या प्रवासाचं तिकीट. 'किरकोळ' म्हणून मी जे वेगळं काढलं ती त्यांची तारीखवही होती. निस्तरायला आठ महिने गेले, आणि तरी निम्मं जुळलं नाही.

म्हणून खोका उघडला की आतल्या वस्तूला हात लावायच्या आधी वरून फोटो काढा. खोक्याला आकडा द्या, आतल्या गठ्ठ्यांना आकडे द्या, आणि गठ्ठा ज्या क्रमानं आहे त्याच क्रमानं ठेवा. आकडे पेन्सिलीनं, वेगळ्या चिठ्ठीवर. बाबांच्या कागदावर काही लिहायचं नाही. एका साध्या वहीत नोंद करा: 'खोका ४, गठ्ठा २, सुतळीनं बांधलेला, अंदाजे ६० पानं, वरच्या पानावर अमुक शब्द.' एवढी नोंद झाली की मग तो गठ्ठा पुढे चंद्रावर गेला तरी चालेल.

गठ्ठे बांधायला प्लॅस्टिकच्या पिशव्या नकोत. ठाण्याच्या हवेत जून ते सप्टेंबर कागद पाणी पितो, आणि बंद प्लॅस्टिकमध्ये ती ओल कोंडून बुरशी धरते. पेशवे दप्तरातले कागद रुमालांत बांधलेले असत, हे तुम्ही वाचलं असेल. जुन्या माणसांना ते बरोबर कळलं होतं. धुऊन खळ काढलेलं पांढरं सुती कापड घ्या. खळ राहिली तर कसर लागते, कारण कसरीला पिठूळ गोष्टी आवडतात; पुस्तकांच्या बांधणीतली चिक्की, म्हणजे पिठाची खळ, ती आधी खाते ती त्यामुळेच. डांबरगोळ्या कागदांत थेट टाकू नका. टाचण्या गंजल्या असतील तर ओढून काढू नका, कागद फाटतो. टाचणीच्या दोन्ही बाजूंना पातळ कागदाची पट्टी सरकवा आणि मग हळूच सोडवा. घाईत जमत नसेल तर राहू द्या, टाचणी चाळीस वर्षं होती, अजून वर्षभर राहील. रबरबँड मात्र आत्ताच कापून काढा, ते वितळून चिकटतात. फाटलेल्या पानाला सेलोटेप लावायचा नाही, आणि कुणी कितीही आग्रह केला तरी लॅमिनेशन करायचं नाही.

भाड्याच्या घरात गेल्यावर खोके जमिनीवर ठेवू नका, बाहेरच्या भिंतीला टेकवू नका आणि न्हाणीघराशेजारच्या भिंतीला तर नकोच. लोखंडी कपाटाचा मधला खण उत्तम. आणि हलवाहलवीत पाऊस लागलाच, कागद भिजलेच, तर इस्त्री किंवा ऊन नको. पंख्याखाली सुटे पसरा. फार असतील तर थोडे पसरून बाकीचे पिशवीत घालून फ्रीझरमध्ये ठेवा. ओल्या कागदाला दोन दिवसांत बुरशी येऊ शकते; गोठवला की तेवढा वेळ विकत मिळतो. एका घरात मटारशेजारी नाटकाचा तिसरा अंक तीन आठवडे होता. तो वाचला.

आता एका गोष्टीवर मी जरा रेंगाळणार आहे, कारण रद्दीत पहिली तीच जाते: पाठकोरे कागद. त्या पिढीतले लेखक कोऱ्या कागदावर क्वचितच लिहीत. लग्नपत्रिकेची पाठ, शाळेच्या प्रश्नपत्रिकेची पाठ, बँकेच्या स्लिपा, जुन्या प्रुफांच्या गॅल्या. घरच्यांना वाटतं ही छापील बाजू म्हणजे कचरा. संपादकाला ती बाजू सोन्यासारखी असते. एका कथाकारांची एक कथा सगळे त्यांच्या उमेदवारीच्या काळातली समजत होते, कारण विषय तसा, भाषा कोवळी. तिच्या सहाव्या पानाची पाठ बघितली तर शेजाऱ्यांच्या मुलीच्या लग्नाची पत्रिका, तारखेसकट. म्हणजे ती कथा त्या लग्नाआधीची असूच शकत नाही. लेखक तेव्हा साठीला आला होता. साठीच्या माणसानं तरुणपणाची भाषा मुद्दाम आठवून लिहिलेली ती कथा होती, आणि मग ती पूर्ण वेगळी वाचावी लागली. म्हणून फोटो किंवा स्कॅन काढाल तेव्हा दोन्ही बाजूंचे काढा. कोऱ्या पाठीचासुद्धा. कोरी आहे हीही माहिती आहे.

नक्कल करताना दोन टप्पे ठेवा. आत्ता, सामान हलायच्या आधी, फोन स्टँडला लावून भराभर फोटो. दिवसाकाठी चार-पाचशे पानं आरामात होतात, दोन भाच्यांना बसवलंत तर अकरा खोके दोन-तीन आठवड्यांत उरकतील. हे फोटो सुंदर नसले तरी चालतील, हरवल्यास आधार म्हणून ते आहेत. नंतर निवांतपणे सपाट काचेच्या स्कॅनरवर रीतसर स्कॅन: ४०० डीपीआय, पुसट पेन्सिलीला ६००, आणि रंगीतच. काळ्या-पांढऱ्या स्कॅनमध्ये निळ्या शाईचा पहिला हात आणि हिरव्या शाईची नंतरची दुरुस्ती एकसारखी दिसते. मूळ फाइल टिफमध्ये ठेवा, रोजच्या वापराला पीडीएफ. तीन प्रती, दोन वेगळ्या साधनांवर, त्यातली एक दुसऱ्या घरी. 'सगळं माझ्या फोनमध्ये आहे' याला मी प्रत धरत नाही. जुने फॅक्स किंवा थर्मल कागदावरची काही पानं निघाली तर ती सगळ्यांच्या आधी, ती डोळ्यांदेखत उडतात.

फ्लॉप्यांचं कौतुक फार नको, पण टाकूही नका. त्यांत बहुधा टायपिस्टनं 'श्रीलिपी' किंवा 'आकृती' अशा जुन्या फॉन्टमध्ये टाइप केलेल्या कथा असतील. उघडल्यावर अगम्य अक्षरं दिसली की लोक 'करप्ट' म्हणून सोडून देतात. फाइल ठीक असते, फॉन्ट युनिकोडच्या आधीचा असतो. परिवर्तकानं युनिकोडमध्ये आणता येतं, मात्र नंतर डोळ्यात तेल घालून वाचावं लागतं: रफार सरकतात, जोडाक्षरं तुटतात, 'ऱ्य'चा 'र्य' होतो. मूळ फाइलही तशीच ठेवा. कॅसेट घरातल्या जुन्या टेपरेकॉर्डरवर 'बघू तरी चालते का' म्हणून लावू नका. पट्टी गुंतली की संपलं.

या सगळ्याच्याही आधी करायचं एक काम आहे आणि ते माळ्यावर नाही, खालच्या खोलीत आहे. आई. तुम्ही जाता जाता लिहिलंय की प्रेससाठी स्वच्छ प्रत आईच करून द्यायची. ताई, तुमच्या पत्रातलं मला सगळ्यात महत्त्वाचं वाटलेलं वाक्य ते आहे. बाबांचं अक्षर लागणारं घरातलं ते एकमेव माणूस असेल. आणि दुसरं: उतरवताना आईनं काही बदललं का? एखादा शब्द, एखाद्या बाईच्या तोंडचं वाक्य? अशा मुद्रणप्रतींत मी मूळ खर्ड्यात नसलेली आणि बायकोनं घातलेली, मग नवऱ्यानं मुकाट मान्य केलेली वाक्यं पाहिली आहेत. चांगली वाक्यं होती. रोज अर्धा तास, दोन-तीन पानं समोर ठेवून, फोनवर ध्वनिमुद्रण चालू ठेवून आईशी बोला. "ही पत्रातली 'सुमी' कोण?" एवढंही पुरतं. कागद थांबतील.

कायद्याचं थोडक्यात. मी वकील नाही, सही करण्याआधी वकिलाला दाखवा. पण मोघम कल्पना असावी. बाबांचं मृत्युपत्र आहे का ते आधी बघा. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम २० प्रमाणे, मृत्युपत्रानं कुणाला अप्रकाशित हस्तलिखित दिलं असेल आणि वेगळं काही म्हटलेलं नसेल, तर त्यातला लेखकाकडे असलेला कॉपीराइटही त्यालाच जातो. मृत्युपत्र नसेल तर, तुम्हाला १९५६ चा हिंदू उत्तराधिकार कायदा लागू असल्यास, आई, तुम्ही आणि भाऊ यांचा सारखा वाटा. म्हणजे भाऊ एकटे प्रकाशकाशी करार करू शकत नाहीत, तुम्हीही नाही. तिघांचं एका कागदावर ठरवून घ्या, आणि ते गोडीत आहात तोवर.

लेखकाच्या हयातीत छापलेल्या साहित्याचा हक्क त्याच्या मृत्यूच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. मृत्यूनंतर पहिल्यांदा छापलेल्याचा हक्क छापल्याच्या पुढच्या वर्षापासून ६० वर्षं, हे कलम २४. एखादं नाटक छापलं नसलं तरी जाहीर प्रयोग झाले असतील तर या कलमापुरतं ते प्रकाशितच धरतात. करार लेखी करा आणि मुदत, प्रदेश स्पष्ट लिहा: मुदत लिहिली नाही तर कायदा ५ वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नाही तर भारत. ई-बुक, ध्वनिपुस्तक, अनुवाद, चित्रपट हे एका 'इत्यादी'त कोंबू देऊ नका. पत्रांचं असं आहे की बाबांना आलेल्या पत्राचा कागद तुमचा, पण मजकुराचा हक्क लिहिणाऱ्याचा किंवा त्याच्या वारसांचा. बाबांनी इतरांना लिहिलेल्या पत्रांचं बरोबर उलट. एखाद्या थोर कवीचं पत्र खोक्यात सापडलं म्हणून थेट छापता येत नाही.

आता छापण्याकडे येऊ. पहिला प्रश्न, जे अप्रकाशित वाटतंय ते खरंच अप्रकाशित आहे का? मराठीत दिवाळी अंकांची परंपरा १९०९ च्या 'मनोरंजन'पासूनची. बाबांच्या पिढीचा चलती असलेला कथाकार दर दिवाळीला चार-पाच अंकांत लिहायचा आणि त्यातल्या सगळ्या कथा संग्रहांत जायच्या नाहीत. अशी कथा 'असंग्रहित' असते, 'अप्रकाशित' नाही. मुखपृष्ठावर 'अप्रकाशित कथा' असं छापल्यावर कुणीतरी जुना वाचक पिवळा पडलेला अंक घेऊन उभा राहतो, आणि तो बरोबर असतो. शीर्षक बदललेलं असू शकतं, म्हणून पहिल्या परिच्छेदावरून आणि पात्रांच्या नावांवरून शोधा. ठाण्यातच मराठी ग्रंथसंग्रहालय आहे, १८९३ पासूनचं; तिथून आणि दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयातून चौकशी सुरू करा.

जे खरोखर छापलं गेलं नाही त्याचे माझ्या लेखी तीन प्रकार. संपादकानं नाकारलेलं, अशा कथेला 'साभार परत'चं पत्र टाचलेलं असतं, ते वेगळं करू नका. यात छापण्यासारखं बरंच निघतं, संपादकही माणसंच. दुसरं, अपुरं राहिलेलं. आणि तिसरं, पूर्ण झालेलं, सुबक उतरवलेलं, तरी लेखकानं स्वतःहून कुठेच न पाठवलेलं. या तिसऱ्यापाशी दहा वेळा थांबा. ज्याच्या कथेला संपादक दारात उभे होते त्यानं एखादी कथा वीस वर्षं ट्रंकेत का ठेवली असेल? कधी कारण साधं असतं, तीच कथा त्यानं पुढे वेगळ्या रूपात लिहून छापलेली असते आणि ही तिची पहिली खेप. कधी कारण घरातलंच कुणीतरी असतं. मी छापूच नये म्हणत नाही. पण ते कारण कळल्याशिवाय छापू नये.

संपादन करताना तुम्हाला सगळ्यात छळणार ते शुद्धलेखन. साहित्य महामंडळाचे चौदा नियम १९६२ साली सरकारमान्य झाले, १९७२ मध्ये चारांची भर पडून अठरा झाले. बाबांचं सुरुवातीचं लेखन त्याआधीचं, म्हणजे 'नांव', 'कांहीं', 'घरांत' असे अनुस्वार असणार; नंतरचं नव्या पद्धतीचं, आणि मधल्या काळात दोन्हींची खिचडी. वाचकांसाठीच्या आवृत्तीत न उच्चारले जाणारे अनुस्वार काढायला माझी हरकत नसते. ते एका ओळीत प्रस्तावनेत सांगावं. पण बोलीला, पात्रांच्या तोंडच्या भाषेला आणि लेखकाच्या लकबींना हात लावायचा नाही. बहिणाबाई १९५१ साली गेल्या आणि त्यांच्या गाण्यांचं पुस्तक १९५२ साली आलं. ती गाणी आधी उतरून घेतली होती त्यांचे चिरंजीव सोपानदेव आणि नात्यातल्या एकांनी. सोपानदेव स्वतः नावाजलेले कवी. त्यांनी 'चुल्ह्या'ची 'चूल' केली असती तर कुणी अडवलं असतं? आईची भाषा आईचीच राहिली, म्हणून आज तिच्यावर बोलता येतं.

ठाण्यातलंच एक उदाहरण देतो, आणि त्यात दोषी मीच. एका कथेत वाक्य होतं, 'उधाणाचं पाणी रात्रीत खाजणात शिरलं.' जुन्या वळणाच्या अक्षरात 'ख' म्हणजे 'र' आणि 'व' सुटे काढलेले. टाइप करणाऱ्या मुलीला 'रवाजणात' दिसलं, अर्थ लागेना, तिनं 'अंगणात' केलं. वाक्य छान वाचलं जात होतं. मी प्रूफ दोनदा वाचलं आणि दोनदा पास केलं. पुस्तक आल्यावर बाळकुमकडच्या एका आगरी आजोबांचा निरोप आला: उधाण अंगणात कशाला येईल, बांध फुटला तर पाणी आधी खाजणात येतं, आणि खाजणात आलं म्हणूनच तर पुढे त्या घरात भाताचे वांधे होतात ना? सबंध कथेचा कणा त्या एका शब्दात होता. खाडीकाठच्या भातखाचराचा शब्द, खाडीपासून दोन मैलांवर बसून आम्ही घालवला. तेव्हापासून माझा नियम आहे: जो बदल वाक्य गुळगुळीत करतो त्यावर जास्त संशय घ्यायचा. आणि जो शब्द लागत नाही तिथे चौकटी कंसात प्रश्नचिन्ह टाकून पुढे जायचं. लाज वाटायचं कारण नाही.

खाडाखोडीत काकपद (^ ही खूण) देऊन वर लिहिलेला शब्द, समासातला शब्द आणि मूळ न खोडलेला शब्द असे तिन्ही असतील तर कुठला घ्यायचा? सरसकट उत्तर नाही. मी शक्यतो लेखकाचा शेवटचा हात घेतो आणि बाकीचे मागे पाठभेदांत देतो. पण शेवटचा हात आजारपणातला, थकलेला असेल तर कधी आधीचा घेतलाय, आणि तसं लिहिलंय.

आता कादंबरी, आणि तुमचे भाऊ. ते वडिलांवर प्रेम करतात म्हणून हे म्हणताहेत, हे धरूनच बोलतो. तुमच्या घरापासून पंधरा मिनिटांवर गडकरी रंगायतन आहे. ज्यांचं नाव त्याला दिलंय ते राम गणेश गडकरी २३ जानेवारी १९१९ ला गेले तेव्हा 'राजसंन्यास' अपुरं होतं. ते अपुरंच छापलं गेलं आणि लोक आजही ते अपुरंच वाचतात. 'एकच प्याला'ची पदं त्यांच्या हातून व्हायची राहिली, ती विठ्ठल सीताराम गुर्जरांनी लिहिली, आणि ती गुर्जरांची म्हणूनच ओळखली जातात. त्याच वर्षी रेव्हरंड टिळक गेले. 'ख्रिस्तायन' हे त्यांचं काव्य अपुरं होतं. ते पुढे पत्नी लक्ष्मीबाईंनी पुरं केलं, शेवटचा अध्याय मुलानं, देवदत्तांनी लिहिला. तेव्हा घरच्यांनी पुरं करणं हे पाप आहे असं मी म्हणणार नाही. पण लक्ष्मीबाईंचं स्वतःचं नाव त्यावर आहे. त्या टिळकांच्या आवाजात लपून बसलेल्या नाहीत.

भावांना विचारा, शिवण दाखवायची तयारी आहे का? ११२ पानांनंतर एक कोरं पान, मग 'यापुढचा भाग माझा' आणि खाली त्यांचं नाव. या अटीवर ते तयार असतील तर लिहू द्या, मात्र वेगळ्या पुस्तकात. बाबांच्या पुस्तकात ११२ पानं जशीच्या तशी, आणि त्यामागे त्या कादंबरीसाठी त्यांनी काढलेली टिपणं, पात्रांच्या याद्या, जे मिळेल ते. वाचकाला अपुरं चालतं. कोण बोलतंय ते कळेनासं झालं की चालत नाही. कायद्याच्या कलम ५७ प्रमाणे कृतीची मोडतोड करणाऱ्याविरुद्ध लेखकाच्या वतीनं दाद मागायचा हक्क वारसाला आहे. आता मोडतोड वारसच करत असेल तर दाद कोण मागणार? त्या कलमाची ही गंमत भावांना माझ्या नावानं सांगितलीत तरी चालेल. प्रस्तावना त्यांना लिहायला सांगा. मुलानं वडिलांविषयी लिहिलेली वीस पानं दुसरं कुणी लिहू शकत नाही, उरलेली कादंबरी मात्र कुणीही लिहू शकतं.

डायऱ्या टाइप करून ठेवा, छापू नका. निदान आत्ता नको. त्यांत हयात माणसं आहेत, आई आहे, बहुधा तुम्हीही आहात. जाळायच्याही नाहीत. काही घरांत 'बाबांची प्रतिमा' म्हणून डायऱ्यांची पानं ब्लेडनं कापलेली मी पाहिली आहेत. कापलेल्या पानाचा उरलेला काठ वाचकाला भलतंच काही सुचवतो, आत होतं त्याहून वाईट. पुढे मूळ कागद एखाद्या संस्थेकडे सोपवायचे ठरवाल तेव्हा लेखी दानपत्र करा: कागद दिले, हक्क दिले की नाही, आणि डायऱ्या अमुक वर्षांपर्यंत बंद, हे तिन्ही त्यात स्पष्ट लिहून. संस्थेला बघायला वेळ आहे का, जागा कोरडी आहे का, हे स्वतः जाऊन बघा. कपाटाचं दार उघडून वास घ्या, आर्द्रतामापकापेक्षा नाक लवकर सांगतं.

शताब्दीला काहीतरी हवंच असेल तर असंग्रहित कथांचा एक छोटा संग्रह वर्षभरात नीट होईल. कादंबरीला दोन वर्षं द्या.

एक विचारायचं राहिलं. कादंबरी ११२व्या पानावर वाक्याच्या मध्येच थांबते असं तुम्ही लिहिलंय. त्या पानाच्या तळाशी जागा उरली आहे का? जागा उरली असेल, पान अर्धं कोरं असेल, तर बाबा तिथे उठले आणि परत बसले नाहीत. पण शेवटची ओळ पानाच्या अगदी काठापर्यंत भरलेली असेल आणि वाक्य तिथे तुटत असेल, तर ११३वं पान होतं. ते उरलेल्या दहा खोक्यांत कुठेतरी आहे, बहुधा कशाच्या तरी पाठीवर. आज संध्याकाळी बघून मला कळवा. आणि तोवर रद्दीवाल्याला वर येऊ देऊ नका.